मायक्रोबिटवरचं ‘हो-नाही’ खेळणं तेच तेच उत्तर देतंय? चूक कुठे आहे ते असं शोधा

मायक्रोबिट (प्रोग्रॅम चढवता येणारा, पाच बाय पाच दिव्यांचा छोटा बोर्ड) हलवला की प्रश्नाचं उत्तर देणारं खेळणं दहा मिनिटांत तयार होतं आणि पुढचा तासभर त्याच्या तक्रारी निस्तरण्यात जातो. ‘दरवेळी एकच उत्तर येतं.’ ‘“नाही” कधी येतच नाही.’ ‘एकदा हलवलं की तीनदा बोलतं.’ ‘संगणकाला जोडलेलं असताना नीट चालतं, सेलवर लावलं की वेड्यासारखं वागतं.’ या सगळ्यांवर मुलांचं आणि बऱ्याच शिक्षकांचंही निदान एकच असतं: रँडम, म्हणजे कुठलाही आकडा निवडून देणारा भाग, बिघडलंय. रँडम जवळजवळ कधीच बिघडलेलं नसतं. ते कुठे बसवलंय, किती वेळा बोलावलंय आणि त्याला कुठपर्यंतचे आकडे दिलेत, यातच घोळ असतो.

खाली जे लिहिलंय ते मेककोडच्या, म्हणजे ब्राउझरमध्ये ठोकळे जोडून प्रोग्रॅम करायच्या, ब्लॉक संपादकाला धरून आहे. पायथनमध्ये (अक्षरांत लिहायची प्रोग्रॅमिंगची भाषा) जिथे वागणं वेगळं आहे तिथे तसं सांगितलं आहे. ब्लॉकची नावं संपादकात दिसतात तशीच देवनागरीत लिहिली आहेत. खेळणं असं धरलं आहे: ‘उत्तरं’ नावाच्या यादीत आठ उत्तरं, बोर्ड हलवला की त्यातलं एक दिसतं.

आधी आकडा बघा, उत्तर नंतर

काहीही दुरुस्त करण्याआधी दोन छोटे बदल करा. ‘ऑन स्टार्ट’मध्ये ‘शो आयकॉन’ टाकून हृदय दाखवा. आणि ‘ऑन शेक’मध्ये निवडलेला आकडा आधी एका व्हेरिएबलमध्ये (किंमत साठवायची नाव दिलेली जागा) ठेवा, तो ‘शो नंबर’ने दाखवा आणि मगच उत्तर दाखवा. एकच अंक असेल तर तो सरकत नाही, एकदम उमटतो, म्हणून वाचायला सोपा जातो. आता वीस वेळा हलवा आणि कागदावर ० ते ७ समोर रेघा मारत जा.

या वीस रेघांमध्ये अर्ध्याहून जास्त निदान होऊन जातं. आकडाच बदलत नसेल तर निवड चुकीच्या जागी होते आहे. आकडा बदलतो पण उत्तर त्याच्याशी जुळत नाही, तर अटींमध्ये गोंधळ आहे. ० कधीच येत नाही किंवा ८ येतो, तर हद्द चुकली आहे. एका हलवण्यात दोन आकडे आले तर हलवण्याची नोंद दोनदा होते आहे. आणि मध्येच हृदय दिसलं तर प्रोग्रॅमकडे बघूच नका, बोर्ड रीसेट झालाय, म्हणजे वीज तुटली आहे.

आकडा बदलतच नाही

‘पिक रँडम’ ‘ऑन स्टार्ट’मध्ये बसलंय. ‘ऑन स्टार्ट’ बोर्ड चालू झाल्यावर एकदाच चालतं. तिथे फासा एकदा पडला, आकडा व्हेरिएबलमध्ये गेला, आणि पुढे कितीही हलवा, वाचला जातो तो तोच जुना आकडा. खूण अशी की मागचं रीसेटचं बटण दाबलं की उत्तर बदलतं, मग पुन्हा रीसेट होईपर्यंत तेच राहतं. आकडा व्हेरिएबलमध्ये ठेवणारा ‘सेट’चा तो ब्लॉक उचलून ‘ऑन शेक’च्या आत सगळ्यात वर ठेवा. यादी मात्र ‘ऑन स्टार्ट’मध्येच राहू द्या. ती दरवेळी नव्याने बनवायचं काही कारण नाही.

एखादं उत्तर कधीच येत नाही

यादीतली मोजणी शून्यापासून सुरू होते. आठ उत्तरांचे क्रमांक ० ते ७. ‘पिक रँडम १ ते ८’ लिहिलं की पहिलं उत्तर कायमचं गायब, आणि आठापैकी एकदा यादीत नसलेलं नववं घर मागितलं जातं. त्या वेळी स्क्रीनवर काय दिसेल याचा भरवसा नाही. पायथनमध्ये निदान ‘इंडेक्सएरर’ अशी तक्रार ओळीच्या क्रमांकासकट स्क्रीनवर सरकत येते, ती बरी.

यात सगळ्यात जास्त फसतात ते एका भाषेतून दुसरीत आलेले लोक, कारण वरची हद्द धरायची की सोडायची याबाबत प्रत्येकाचं वेगळं आहे. मेककोडचं ‘पिक रँडम ० ते ७’ दोन्ही टोकं धरतं. पायथनमधलं ‘रँडइंट’ही दोन्ही टोकं धरतं, पण ‘रँडरेंज’ वरचं टोक सोडतं: त्याला ८ दिलं की ० ते ७ मिळतात. आर्डुइनो या दुसऱ्या बोर्डाचं ‘रँडम’ही वरचं टोक सोडतं, म्हणून तिथे ० आणि ८ लिहावं लागतं. आर्डुइनोवरून उचललेला ८ मेककोडमध्ये तसाच ठेवला की नववं घर उघडलंच म्हणून समजा.

आकडा हाताने लिहूच नका. वरच्या हद्दीच्या जागी ‘लेंग्थ ऑफ ॲरे’ वजा १ बसवा. मग नववं उत्तर घातलं तरी हद्द आपोआप सरकते. याहून सोपं म्हणजे ‘ॲरेज’ विभागात ‘गेट रँडम व्हॅल्यू फ्रॉम’ असा तयार ब्लॉक आहे, तो यादी घेतो आणि थेट उत्तर देतो. पायथनमध्ये हेच काम ‘रँडम डॉट चॉइस’ करतं. तपासणी चालू असताना मात्र आकड्याचीच पद्धत ठेवा, कारण या ब्लॉकमध्ये कोणता क्रमांक निवडला ते दिसत नाही.

एकाच उत्तराऐवजी फासा तीनदा

ही चूक सगळ्यात लबाड आहे, कारण खेळणं चालतंय असं वाटतं. प्रोग्रॅम असा असतो: जर ‘पिक रँडम ० ते २’ बरोबर ० असेल तर ‘हो’ दाखव, नाहीतर जर ‘पिक रँडम ० ते २’ बरोबर १ असेल तर ‘नाही’, नाहीतर ‘नंतर विचार’. वाचायला निर्मळ. पण प्रत्येक अटीत नवा फासा पडतो आहे. पहिल्या अटीत ‘हो’ला तिसरा हिस्सा मिळाला. उरलेल्या दोन तृतीयांश वेळांपैकी पुन्हा तिसरा हिस्सा ‘नाही’ला, म्हणजे फक्त २२ टक्के. शिल्लक ४४ टक्के सगळे ‘नंतर विचार’ला. ‘हे खेळणं सारखं टाळाटाळच करतं’ अशी तक्रार आली की नव्वद टक्के हेच कारण समजा.

उत्तरं वाढली की तोल आणखी जातो. अशाच आठ उत्तरांच्या साखळीत पहिल्याला साडेबारा टक्के मिळतात आणि शेवटच्या ‘नाहीतर’ला तब्बल ३९ टक्के.

‘नाहीतर’ न वापरता तीन सुटे ‘जर’ ब्लॉक एकाखाली एक ठेवले तर प्रकार वेगळा. तिन्ही अटी स्वतंत्रपणे तपासल्या जातात, त्यामुळे २७ पैकी ८ वेळा, म्हणजे जवळजवळ ३० टक्के, एकही अट जुळत नाही आणि स्क्रीन कोरी राहते. आणखी २६ टक्के वेळा दोन किंवा तीन उत्तरं एकापाठोपाठ येतात: आधी ‘हो’, मग लगेच ‘नाही’. ‘मध्येच कोरं होतं’ आणि ‘स्वतःचंच उत्तर फिरवतं’ या दोन तक्रारी एकत्र आल्या की दुसरीकडे शोधू नका.

इलाज एकच: फासा एकदा टाका, ‘फासा’ नावाच्या व्हेरिएबलमध्ये ठेवा आणि सगळ्या अटी त्या व्हेरिएबलवर लावा. ‘पिक रँडम’चा ब्लॉक अख्ख्या प्रोग्रॅममध्ये एकदाच दिसला पाहिजे.

एक लक्षात ठेवा: असमान वाटणी दरवेळी चूकच असते असं नाही. ज्याच्यावरून हे खेळणं आलं तो अमेरिकेतला मॅजिक एट बॉल म्हणजे आत निळ्या द्रवात तरंगणारा वीस बाजूंचा ठोकळा असलेला गोळा. त्याच्या वीस उत्तरांपैकी १० होकाराची, ५ नकाराची आणि ५ टोलवाटोलवीची. ती वीस उत्तरं जशीच्या तशी यादीत घातली असतील तर निम्मा वेळ होकारच मिळणार आणि नकार चारांतून एकदा. ‘नाही फार कमी येतं’ हे तिथे बरोबरच आहे.

वीस रेघांवर समाधान नसेल तर आठशे मोजा

हाताने हलवून वाटणी तपासायला मर्यादा आहे. ‘ऑन बटन बी’मध्ये मोजणी बसवा. ‘मोज’ नावाची आठ शून्यांची यादी करा. ‘रिपीट’ ८०० वेळा: रँडम आकडा घ्या, ‘मोज’मधल्या त्या घरात १ मिळवा. शेवटी आठही घरं ‘सीरियल राइट व्हॅल्यू’ने पाठवा आणि संपादकातल्या ‘शो डेटा’मध्ये वाचा. हे बोर्डाशिवाय सिम्युलेटरमध्येही चालतं.

प्रत्येक घरात १००च्या आसपास आकडा यायला हवा, बरोबर १०० नव्हे. ८० ते १२० मधलं काहीही चालेल, एखादं घर थोडं बाहेर गेलं तरी बिघडत नाही. एखाद्या घरात ० असेल, किंवा एकात तीनशे आणि एकात चाळीस असतील, तर मात्र नशिबाला बोल लावू नका, प्रोग्रॅम उघडा. मोजणीत निवडीचा तोच भाग वापरा जो खेळण्यात वापरलाय. मोजणीसाठी वेगळा, नीटनेटका ‘पिक रँडम’ लिहून तो तपासला तर काहीच तपासलं नाही.

बिघाड नसलेला बिघाड: लागोपाठ तेच

मोजणी नीट आली तरी मुलं म्हणतात, ‘आत्ताच हे आलं होतं.’ बरोबर आहे. आठ उत्तरांमध्ये लागोपाठ दोनदा तेच येण्याची शक्यता आठात एक. चार वेळा हलवलं तर कुठलं तरी उत्तर दोनदा येण्याची शक्यता ५९ टक्के. वीस उत्तरं केली तरी सहा वेळा हलवण्यात ५६ टक्के. खऱ्या फाशाचं वागणं असंच असतं, पण खेळणाऱ्याला ते अडकलंय असं वाटतं. खेळणं आहे, तेव्हा खेळणाऱ्याचं ऐकावं.

सहसा सुचवतात तो उपाय असा: मागचा आकडा लक्षात ठेवा आणि नवा तोच असेल ‘तोपर्यंत’ पुन्हा निवडा. चालतो, पण यादीत एकच उत्तर उरलं तर तो फेरा कधीच संपत नाही आणि बोर्ड गोठल्यासारखा दिसतो. फेरा न लावता करायची युक्ती जास्त चांगली. नवा आकडा = मागचा आकडा अधिक ‘पिक रँडम १ ते ७’, आणि त्याला ८ ने भागून उरलेली बाकी. ‘मॅथ’ विभागातला ‘रिमेंडर ऑफ’ ब्लॉक यासाठीच आहे. मागचा ६ असेल आणि रँडम ५ आला तर ११, आठाने भागून बाकी ३. पुन्हा ६ वर यायला ० किंवा ८ मिळवावे लागतील आणि ते तर आपण देतच नाही. ‘मागचा’ची सुरुवातीची किंमत ‘ऑन स्टार्ट’मध्ये ‘पिक रँडम ० ते ७’ ठेवा, नाहीतर चालू केल्यावरचं पहिलं उत्तर कधीच शून्य क्रमांकाचं येणार नाही.

‘चालू केल्यावर दरवेळी उत्तरांचा क्रमच तोच’ ही तक्रार मात्र वेगळी. मायक्रोबिटवर ती आपोआप उद्भवत नाही, कारण त्याच्या चिपमध्ये यादृच्छिक आकडे देणारी वेगळी सोय आहे आणि सुरुवात तिथून होते. पायथनमध्ये कुणी ‘रँडम डॉट सीड’ला (रँडमची सुरुवात ठरवणारी ओळ) ठरावीक आकडा दिला असेल तरच क्रम ठरून जातो. ती ओळ काढून टाका. आर्डुइनो उनोवर मात्र ही तक्रार खरीच असते. तिथे मोकळ्या ॲनालॉग पिनवरचं वाचन ‘रँडमसीड’ला द्यायची पद्धत आहे, आणि तिथून सवयीने उचललेली सीडची ओळ इकडे घोटाळा करते.

एकदा हलवलं, तीनदा बोललं

हा भाग सावकाश वाचा, कारण इथे सांगितला जाणारा नेहमीचा उपाय लागू पडत नाही.

‘शो स्ट्रिंग’ वाक्य सरकवत असताना ‘ऑन शेक’चं काम चालूच असतं. त्यात बोर्ड पुन्हा हलला तर ती घटना हरवत नाही, रांगेत थांबते. पहिलं उत्तर संपलं की रांगेतली पुढची घटना लगेच सुरू होते आणि दुसरं उत्तर सरकायला लागतं. मुलं बोर्ड एकदाच शांतपणे हलवत नाहीत, ती तो खुळखुळ्यासारखा वाजवतात. वाक्य लांब असलं की रांगेत दोन-तीन सहज साचतात.

नेहमीचा सल्ला असतो, ‘व्यस्त’ नावाचं हो-नाही व्हेरिएबल ठेवा: सुरुवातीला ‘ट्रू’, शेवटी ‘फॉल्स’, आणि ‘व्यस्त’ असेल तर काही करू नका. कागदावर पटतं. पण रांगेतली घटना सुरू होते ती पहिली संपल्यावर, आणि पहिलीने जाता जाता ‘व्यस्त’ला ‘फॉल्स’ करून ठेवलेलं असतं. पहारेकऱ्याची पाळी संपल्यावरच चोर आत येतो. म्हणून ‘व्यस्त’चा हा झेंडा लावूनही तीन उत्तरं येतच राहतात आणि लोक पुन्हा रँडमला दोष देतात.

लागू पडणारी रचना अशी. ‘ऑन शेक’मध्ये फक्त एक काम: ‘हाक’ला ‘ट्रू’ करा. बाकी सगळं ‘फॉरएव्हर’मध्ये: जर ‘हाक’ असेल तर आकडा निवडा, उत्तर दाखवा, ‘पॉज’ १५०० मिलिसेकंद, ‘क्लिअर स्क्रीन’, आणि सगळ्यात शेवटी ‘हाक’ला ‘फॉल्स’ करा. आता ‘ऑन शेक’ क्षणात संपतं, रांग साचतच नाही. उत्तर सरकताना कितीही हलवलं तरी आधीच ‘ट्रू’ असलेलं ‘ट्रू’च राहतं आणि शेवटी एकदम पुसलं जातं. ‘फॉल्स’ची ओळ चुकून उत्तराच्या आधी ठेवली तर सगळं मुसळ केरात: सरकतानाचं हलवणं पुन्हा ‘ट्रू’ करून जातं आणि दुसरं उत्तर येतं.

‘फॉरएव्हर’ दुसऱ्या कामात गुंतलेलं असेल तर वेळ बघून अडवा. उत्तर संपल्यावर ‘रनिंग टाइम’ची किंमत ‘शेवटची वेळ’मध्ये ठेवा, आणि ‘ऑन शेक’च्या सुरुवातीला आत्ताची वेळ वजा ‘शेवटची वेळ’ १००० पेक्षा जास्त असेल तरच पुढे जा. रांगेतल्या घटना पहिली संपताक्षणी सुरू होतात, म्हणून त्या सगळ्या या अटीत गळून पडतात.

पायथनमध्ये अडचण उलटी असते: हलवूनही उत्तर येत नाही. तिथे हलवण्याची ओळख मागे आपोआप चालू राहत नाही, प्रोग्रॅमने वारंवार विचारावं लागतं. लूपमध्ये ‘स्लीप’ २००० असेल तर त्या दोन सेकंदांतलं हलवणं वाया जातं. ‘स्लीप’ २० ते ५० मिलिसेकंद ठेवा. आणि ‘इज जेश्चर’ नको, ‘वॉज जेश्चर’ वापरा. ‘इज जेश्चर’ हलणं चालू असेपर्यंत प्रत्येक फेऱ्यात ‘हो’ म्हणू शकतं, ‘वॉज जेश्चर’ मागच्या वेळी विचारल्यापासून हललं होतं का एवढंच सांगतं आणि नोंद पुसतं.

दोन्हीकडे एक गोष्ट सारखी: ‘शेक’ म्हणजे एक झटका नव्हे. दिशा मागे-पुढे काही वेळा बदलावी लागते. एकच जोराचा हिसका देऊन ‘ओळखत नाही’ म्हणणाऱ्याला बोर्ड नुसता मनगटातून तीन-चार वेळा हलवायला सांगा. लहान मुलांना तेही जमत नसेल तर हलवणंच काढून टाका. ‘ऑन स्क्रीन डाउन’वर आकडा निवडा आणि ‘पालथा’ ‘ट्रू’ करा. ‘ऑन स्क्रीन अप’वर ‘पालथा’ असेल तरच उत्तर दाखवा आणि ते ‘फॉल्स’ करा. बोर्ड पालथा घालायचा, उलटायचा, वाचायचं. मूळ गोळाही उलटवूनच वाचतात, तेव्हा यात काही लबाडी नाही. चुकून होणारी उत्तरंही जवळजवळ बंद होतात.

सेलवर लावलं की वेडेपणा

हलवताना मध्येच हृदय दिसतं का? मग वीज तुटते आहे. दोन ट्रिपल-ए सेलच्या डबीतली स्प्रिंग प्रत्येक हलवण्याला क्षणभर सुटते आणि बोर्ड नव्याने चालू होतो. दुसऱ्या आवृत्तीच्या बोर्डावर मागे विजेचा लाल दिवा असतो, तो हलवताना लुकलुकला तर खात्रीच. डबीत सेलच्या टोकाशी घडी घातलेल्या कागदाची किंवा फोमची पाचर घाला, डबीभोवती रबरबँड लावा आणि डबी बोर्डाच्या मागे दुहेरी चिकटपट्टीने पक्की करा. मध्ये पुठ्ठ्याचा तुकडा हवा, कारण बोर्डाच्या मागे उघडी टोकं आहेत. लोंबकळणारी डबी पांढऱ्या सॉकेटमधली पिनही सैल करते. पिन काढताना वायर ओढू नका.

सेलच्या सॉकेटला ३ व्होल्टचाच हिशेब आहे. दोन साधे सेल ठीक. दोन रिचार्जेबल म्हणजे २.४ व्होल्ट, दिवे जरा मंद पण चालतात. तीन सेलची ४.५ व्होल्टची डबी किंवा मोबाइलची लिथियम बॅटरी तिथे लावू नका. लिथियम पूर्ण भरल्यावर ४.२ व्होल्टवर असते आणि बोर्डाची मर्यादा ३.६ आहे.

पॉवर बँकेवर लावून काही सेकंदांत बंद पडत असेल तर बोर्डात दोष नाही. मायक्रोबिट इतका कमी करंट खातो की पॉवर बँकेला काही जोडलेलंच नाही असं वाटतं आणि ती झोपी जाते. सेलच बरे.

मराठी उत्तर लिहिलं आणि भलतंच दिसलं

मायक्रोबिटकडे असलेला अक्षरसंच फक्त साध्या रोमन अक्षरांचा, अंकांचा आणि चिन्हांचा आहे. ‘शो स्ट्रिंग’मध्ये देवनागरीत ‘हो’ लिहिलं तर प्रोग्रॅम चढतो, तक्रारही येत नाही, पण स्क्रीनवर प्रश्नचिन्ह किंवा रिकामी जागा दिसते. संपादकात मराठी नीट दिसत असल्यामुळे लोक तासन्‌तास भलतीकडे शोधत बसतात. पाच बाय पाच दिव्यांत काना-मात्रेसकट देवनागरी अक्षर बसत नाही, तेव्हा तो हट्ट सोडा.

दोन वाटा आहेत. मराठी शब्द रोमन मोठ्या अक्षरांत लिहा, छोट्या अक्षरांपेक्षा ती या स्क्रीनवर स्पष्ट दिसतात. शब्द मात्र आखूड ठेवा. एका अक्षराला साधारण सहा उभ्या ओळी सरकाव्या लागतात. एका ओळीला १५० मिलिसेकंद धरले तर १८ अक्षरांचं वाक्य संपायला सोळा-सतरा सेकंद जातात. तोवर विचारणारा प्रश्न विसरतो, आणि कंटाळून बोर्ड हलवतो तो वेगळाच. जावास्क्रिप्ट किंवा पायथनच्या टॅबमध्ये ‘शो स्ट्रिंग’ला दुसरा आकडा ८० दिला की वेग जवळजवळ दुप्पट होतो. त्याहून कमी केला तर वाचता येत नाही. आणि उत्तर एकाच अक्षराचं असेल तर ते सरकत नाही, तसंच उभं राहतं. ‘क्लिअर स्क्रीन’ विसरलं असेल तर खेळणं अडकलंय असा भास होतो.

दुसरी वाट चित्रांची, आणि या खेळण्याला तीच शोभते. होकाराला ‘यस’ आयकॉन, नकाराला ‘नो’, टोलवायला ‘कन्फ्यूज्ड’ किंवा ‘अस्लीप’. त्याहून मजा हवी असेल तर नंदीबैल बसवा. गुबुगुबु वाजवत दारात येणाऱ्या नंदीला ‘पाऊस पडेल का’ विचारलं की तो मान डोलावतो. उत्तर शब्दांत नसतंच. ‘शो एलईडीज’मध्ये पहिल्या ओळीत दोन टोकांचे दोन दिवे म्हणजे शिंगं, दुसऱ्या ओळीत पाचही, तिसऱ्या-चौथ्या ओळीत मधले तीन, पाचवीत मधला एक. दुसऱ्या चित्रात हेच सगळं एक ओळ खाली, नाकाचा दिवा खाली पडू द्या. ही दोन चित्रं ‘रिपीट’ ३ वेळा दाखवली की मान होकाराने डोलते. नकारासाठी तेच डोकं एक घर डावीकडे, मग एक घर उजवीकडे. ‘शो एलईडीज’ प्रत्येक चित्राला आपणहून ४०० मिलिसेकंद देतं, म्हणजे सहा चित्रांना २.४ सेकंद. वेगळा ‘पॉज’ घालू नका, नंदी सुस्त दिसतो.

बदल केला पण खेळणं जुनंच वागतंय

नवा प्रोग्रॅम चढलाच नाही. डाउनलोडच्या फोल्डरमध्ये एकाच नावाच्या पाच हेक्स (बोर्डावर चढवायच्या प्रोग्रॅमच्या) फायली साचलेल्या असतात आणि ओढून टाकली जाते ती परवाची. तारीख-वेळ बघून शेवटची घ्या. किंवा क्रोम अथवा एजमध्ये बोर्ड एकदा ‘कनेक्ट डिव्हाइस’ने जोडून ठेवा, मग फाइल ओढायचं कामच उरत नाही.

ड्राइव्हच दिसत नसेल तर आधी केबल बदला. फक्त चार्जिंगच्या केबलने दिवा लागतो, ड्राइव्ह येत नाही. ‘मायक्रोबिट’ऐवजी ‘मेंटेनन्स’ नावाचा ड्राइव्ह दिसला तर जोडताना रीसेटचं बटण दाबलं गेलंय. काढा, बटणाला हात न लावता पुन्हा जोडा. ड्राइव्हवर ‘फेल’ नावाची टेक्स्ट फाइल आली असेल तर ती उघडून वाचा, कारण त्यात लिहिलेलं असतं.

रडका चेहरा आणि पाठोपाठ ९२७ सरकला तर प्रोग्रॅममध्ये स्पीकर, माइक किंवा लोगोला स्पर्श यांपैकी काहीतरी वापरलंय आणि बोर्ड २०१६ च्या पहिल्या आवृत्तीचा आहे. ते २०२० मध्ये आलेल्या दुसऱ्या आवृत्तीतच असतं. ०२० आला तर मेमरी संपली. पहिल्या आवृत्तीत एकूण रॅम १६ केबी, त्यामुळे लांबलचक उत्तरांची यादी, रेडिओ आणि सूर एकदम कोंबले की हे होतं. यादी कापा, किंवा वाक्यांच्या जागी आयकॉन ठेवा. मोजणीसाठी बसवलेला ‘बटन बी’चा भाग काम झाल्यावर काढायला विसरू नका, नाहीतर खेळताना कुणाचा तरी अंगठा त्यावर पडतो आणि ८०० फाशांची मोजणी होऊन सीरियलवर आकडे जाईपर्यंत उत्तर लांबतं.